साडेसहा लाखांचे पॅकेज आणि पंचेचाळीस हजारांची फी: बेळगावातील एका लग्नाच्या नियोजनाचा प्रकरण अभ्यास

बेळगाव शहराच्या पश्चिमेला, हिंडलग्याच्या बाजूस राहणाऱ्या एका मराठी कुटुंबातील मुलीचे लग्न गडहिंग्लजच्या मुलाशी ठरले. वडील उद्यमबागेतील एका फाउंड्रीतून निवृत्त झालेले, आणि त्याच वर्षी त्यांच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेली. मुलगी पुण्यात नोकरीला, तिचा धाकटा भाऊ बंगळुरूला. घरी राहून धावपळ करू शकेल असे माणूस म्हणजे एकटी आई. दागिने आणि बस्ता वगळून लग्नाला सात लाख रुपये, फार तर साडेसात लाख खर्च करायचे, असे याद्या होण्यापूर्वीच ठरले होते. तुळशीचे लग्न झाल्यानंतरचा मार्गशीर्षातला मुहूर्त निघाला. आदल्या संध्याकाळी हळद आणि दीडशे माणसांचे जेवण, दुसऱ्या दिवशी दुपारी १२ वाजून ३५ मिनिटांनी अक्षता, आणि अक्षतेला सुमारे ७०० माणसे, त्यांतील ३०० वराकडची, असा एकूण आवाका होता. कुटुंबाचे आणि व्यावसायिकांचे नाव येथे दिलेले नाही.

एका पिढीपूर्वी या घरात वेडिंग प्लॅनरचा विचारही झाला नसता. आचारी कोणता आणायचा हे मामा सांगत, मंडपवाल्याशी काका बोलत, वाढप गल्लीतली मुले करत आणि हिशेबाची वही कोणीतरी निवृत्त शिक्षक सांभाळत असत. आता खानापूरचे मामा साठीच्या पुढे गेले आहेत आणि गल्लीतली मुले पुण्या-बंगळुरूला आहेत. भाऊबंद लग्नाला येतात, परंतु आदल्या रात्री येतात आणि अक्षतेनंतर निघतात. म्हणून नियोजक नेमणे ही या कुटुंबाची गरज होती, हौस नव्हती, आणि ही गोष्ट पुढच्या सर्व निर्णयांत महत्त्वाची ठरली. हौसेसाठी नेमलेल्या नियोजकाकडून सजावटीच्या कल्पना हव्या असतात, तर गरजेपोटी नेमलेल्याकडून माणूस जागेवर उभा असणे हवे असते. या दोन कामांचे दर वेगळे असायला हवेत, पण बाजारात ती दोन्ही कामे एकाच नावाने विकली जातात.

कार्यालय आधी, नियोजक नंतर

आपल्याकडील रीतीप्रमाणे याद्या झाल्या त्याच आठवड्यात कार्यालय धरले गेले. मार्गशीर्षातल्या मोजक्या तारखांवर सगळ्यांचाच डोळा असल्यामुळे यात काही गैर नव्हते. मात्र कार्यालयाच्या अटी विसार दिल्यानंतर वाचल्या गेल्या. भाडे ९०,००० रुपये, वीज आणि साफसफाई मिळून १५,००० रुपये. आचारी बाहेरचा चालेल, पण सजावट कार्यालयाच्या यादीतील डेकोरेशनवाल्याकडूनच करून घ्यावी, अन्यथा रॉयल्टी भरावी, अशी अट त्यात होती. रॉयल्टी म्हणजे बाहेरच्या माणसाला आत येऊन काम करू देण्याबद्दल कार्यालय घेते ती रक्कम. या एका अटीने नियोजकाची निवडही निम्मी ठरवून टाकली, कारण ज्याचा स्वतःचा मंडप आहे अशा कोणत्याही नियोजकाच्या दरात ही रॉयल्टी कुठे ना कुठे मिसळली जाणार होती. विसार देण्यापूर्वी आचारी, सजावट, जनरेटर आणि रात्री आवाज बंद करण्याची वेळ या चार बाबी विचारून घेतल्या असत्या, तर घासाघीस करायला जागा राहिली असती.

तीन कोटेशने

पहिले कोटेशन शहरातील एका इव्हेंट कंपनीचे होते: ६,५०,००० रुपयांत सर्व काही. दुसरे कोल्हापूरच्या एका संस्थेचे, आणि तिची फी एकूण खर्चाच्या दहा टक्के. तिसरे कोटेशन एका बाईंचे. त्यांनी काही वर्षे एका कार्यालयाचे व्यवस्थापन पाहिले होते आणि आता त्या एकट्याने समन्वयाचे काम घेत होत्या. त्यांची ठरलेली फी ४५,००० रुपये होती आणि आचारी, मंडप, फोटो यांचे पैसे कुटुंबाने त्या त्या व्यावसायिकाला परस्पर द्यायचे होते.

वरकरणी पहिला पर्याय सगळ्यात स्वस्त आणि कमी डोकेदुखीचा दिसत होता. मुलीच्या भावाचा कलही त्याच्याकडेच होता, कारण बंगळुरूहून एकाच माणसाशी बोलणे त्याला सोयीचे वाटत होते. आईने मात्र कोटेशनचा कागद घेऊन त्यात काय लिहिले आहे यापेक्षा काय लिहिलेले नाही याची यादी केली, आणि या प्रकरणातील सर्वांत उपयुक्त काम मला तेच वाटते. पॅकेजमधील जेवण ५०० ताटांचे होते आणि पुढच्या प्रत्येक ताटाला २६० रुपये होते. म्हणजे उरलेल्या २०० ताटांचे ५२,००० रुपये झाले. कार्यालयाचे १,०५,०००, गुरुजी आणि पूजासाहित्याचे १५,०००, पत्रिकांचे १८,००० आणि पाहुण्यांच्या खोल्यांचे ३०,००० रुपये पॅकेजबाहेर होते. शेवटच्या ओळीत बारीक अक्षरांत १८ टक्के जीएसटी वेगळा असे लिहिलेले होते. पॅकेज आणि जादा ताटे यांच्यावर तो धरला, तर १,२६,३६० रुपये होतात. सगळी बेरीज ९,९६,३६० रुपयांवर गेली. साडेसहा लाखांचा आकडा खोटा नव्हता, पण तो ७०० माणसांच्या लग्नाचा नव्हता.

जीएसटीची बाब इथे थोडी सविस्तर सांगितली पाहिजे. कोटेशनवर कराचा दर होता, पण नोंदणी क्रमांक नव्हता. कर्नाटकात नोंदणी झालेल्या व्यावसायिकाचा क्रमांक २९ ने सुरू होतो आणि महाराष्ट्रातील २७ ने. सीमाभागात हे दोन आकडे ओळखता आले, तर समोरचा माणूस कोठे नोंदलेला आहे हे लगेच कळते, आणि पूर्ण क्रमांक जीएसटीच्या संकेतस्थळावर तपासता येतो. क्रमांक मागितल्यावर त्या कंपनीने पक्के बिल नको असेल तर जीएसटी लागणार नाही, असे सुचवले आणि तीन लाख रुपये रोखीने आगाऊ मागितले. एका प्रसंगासंबंधी एका व्यक्तीकडून दोन लाख किंवा त्याहून अधिक रक्कम रोखीने स्वीकारण्यास आयकर कायद्याने १ एप्रिल २०१७ पासून मनाई आहे आणि तेवढ्याच रकमेचा दंड स्वीकारणाऱ्यावर बसू शकतो. दंड घेणाऱ्यावर आहे म्हणून देणाऱ्याने निर्धास्त राहावे असेही नाही, कारण बिल नसलेल्या रोख रकमेबद्दल उद्या तक्रार करायची झाली, तर पैसे दिल्याचा पुरावाच हाती राहत नाही.

कोल्हापूरच्या संस्थेचे काम नीटनेटके होते. त्यांचा नोंदणी क्रमांक कागदावर छापलेला होता, आधी केलेल्या लग्नांची छायाचित्रे खरी होती आणि बोलणे मोकळे होते. त्यांच्या अंदाजाने खर्च आठ लाख, त्यावर फी ८०,००० आणि फीवरचा जीएसटी १४,४०० रुपये, शिवाय त्यांच्या माणसांचा प्रवास व मुक्काम १२,००० रुपये. एकूण ९,०६,४०० रुपये. अडचण टक्केवारीत होती. खर्च वाढला की ज्याची फी वाढते, त्याच्याकडून खर्च आवरण्याची अपेक्षा ठेवणे हे त्याच्यावरही अन्यायाचे आहे. दुसरी अडचण भाषेची. मुख्य आचारी हुक्केरीचा, वाढपी कन्नड बोलणारे, कार्यालयाचा वायरमन कन्नड बोलणारा, आणि वराकडची मंडळी केवळ मराठी. ज्याला दोन्ही भाषा सहज येतात अशा माणसाचे मोल अशा लग्नात सजावटीच्या कल्पकतेपेक्षा अधिक असते. तिसरी अडचण सीमेची: मंडपाचे सामान आणि माणसे कोगनोळीचा नाका ओलांडून येणार होती. डिसेंबर २०२२ मध्ये आणि पुन्हा फेब्रुवारी २०२५ मध्ये सीमाप्रश्न आणि भाषेच्या वादावरून तणाव वाढला, तेव्हा दोन्ही राज्यांमधील एसटी बससेवा काही काळ थांबली होती. असे रोज घडत नाही, पण एका ठरावीक दुपारी १२ वाजून ३५ मिनिटांनी होणाऱ्या कार्यात त्याचा विचार करावाच लागतो.

कमिशनचा प्रश्न

तिसऱ्या पर्यायाकडे जाण्यापूर्वी आईने आणखी एक गोष्ट केली. कार्यालयाच्या यादीतील डेकोरेशनवाल्याकडे नात्यातल्या एका गृहस्थांमार्फत थेट चौकशी केली, तेव्हा स्टेज, प्रवेशद्वार, हळदीची जागा आणि दिवे मिळून १,१०,००० रुपये सांगण्यात आले. तोच डेकोरेशनवाला आणि तेच काम इव्हेंट कंपनीमार्फत घेतल्यास १,४५,००० रुपये धरले जात होते. मधले ३५,००० रुपये कंपनीचे होते.

यावर घरात बराच संताप झाला, तो मला पूर्णपणे पटत नाही. व्यावसायिकाकडून कमिशन घेणे ही या धंद्यातील सर्रास चालणारी रीत आहे, आणि तिला आपण ग्राहकही काही अंशी जबाबदार आहोत. मंडपाचे, जेवणाचे पैसे द्यायला आपली ना नसते, कारण ती वस्तू डोळ्यांना दिसते. वीस जणांना फोन करणे, वेळा जुळवणे, भांडण मिटवणे या कामासाठी वेगळी फी मागितली की हे काम तर आमचे दाजी फुकट करतील, असे आपण म्हणतो. मग तो माणूस फी शून्य लिहितो आणि ती ताटात, फुलांत, दिव्यांत वसूल करतो. आक्षेप कमिशनवर नसून ते लपवण्यावर असायला हवा. म्हणून नियोजकाला पहिल्याच भेटीत विचारावे की तुमचे पैसे नेमके कोठून येतात, आणि उत्तर लेखी मागावे. या प्रकरणात तीनही जणांना हा प्रश्न विचारण्यात आला. कंपनीने विषय बदलला. कोल्हापूरकरांनी आपण कमिशन घेत नाही असे सांगितले, पण कागदावर लिहिण्याचे टाळले. बाईंनी फोटोग्राफरकडून आपल्याला पाच हजार मिळतात, ते हवे तर बिलातून वजा करून देते, असे स्वतःहून सांगितले. हे ऐकून वडिलांचे मत त्यांच्या बाजूने झाले.

बाईंच्या पर्यायातही कमतरता होत्या. त्या एकट्या होत्या, म्हणजे आजारी पडल्यास काय, हा प्रश्न होता. त्यांची उलाढाल सेवांसाठी असलेल्या वीस लाखांच्या मर्यादेखाली असल्यामुळे जीएसटी नोंदणी नव्हती, आणि ते कायद्याला धरून होते. मात्र फीची साधी पावती तरी देण्याचे त्यांच्याकडून मान्य करून घ्यावे लागले. सजावटीच्या नव्या कल्पना त्यांच्याकडे नव्हत्या, हे मुलीला खटकले आणि शेवटपर्यंत खटकत राहिले. शिवाय सगळी देणी कुटुंबाने परस्पर द्यायची म्हणजे हिशेबाचे ओझे आईवरच. तरीही जेवण ७०० ताटे २३० रुपयांप्रमाणे १,६१,०००, हळदीचे जेवण २७,०००, सजावट, फोटो व व्हिडिओ ८५,०००, बँड आणि ध्वनियंत्रणा ३५,०००, मेकअप २५,०००, जनरेटर १५,०००, पॅकेजबाहेरच्या म्हणून वर सांगितलेल्या बाबी आणि बाईंची फी धरून बेरीज ६,७१,००० रुपये झाली. अडीअडचणीसाठी ४०,००० वेगळे ठेवले, तरी ती ७,११,००० रुपयांवर थांबत होती.

करारात काय लिहिले

शेवटी बाईंनाच नेमायचे ठरले. त्यांच्याशी करार दोन पानांचा, मराठीत, दोघांच्या सह्यांचा झाला. फीचे तीन हप्ते ठरले: विसार १०,०००, लग्नाच्या आठवडाभर आधी २०,००० आणि लग्नानंतर हिशेब पूर्ण झाल्यावर १५,०००. बाई येऊ शकल्या नाहीत तर त्यांच्या जाऊबाई येतील, हे नावासह लिहिले गेले. त्याच दिवशी दुसरे लग्न घेणार नाही, हेही लिहिले गेले. घरात सुतक आल्यास तारीख पुढे ढकलता येईल आणि विसार नव्या तारखेला वळता होईल, असे कलम वडिलांनी आग्रहाने घातले. छापील नमुन्यांत हे कलम सहसा नसते, पण आपल्याकडे लग्न पुढे जाण्याचे सर्वांत संभाव्य कारण तेच आहे. लग्न रद्द झाल्यास किती पैसे परत मिळणार नाहीत, याचीही रक्कम लिहिली. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम ७४ नुसार करारात लिहिलेली नुकसानभरपाईची रक्कम ही कमाल मर्यादा असते आणि न्यायालय त्या मर्यादेत वाजवी रक्कमच देते. त्यामुळे विसार कोणत्याही परिस्थितीत परत मिळणार नाही, एवढे छापून कोणी आपोआप सगळे पैसे गिळू शकतो, असे समजण्याचे कारण नाही.

सीमाभागातील ग्राहकासाठी आणखी एक तरतूद महत्त्वाची आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे तक्रारदार स्वतः जिथे राहतो तेथील जिल्हा आयोगाकडे तक्रार करू शकतो. म्हणजे नियोजक कोल्हापूरचा असला, तरी हिंडलग्याच्या ग्राहकाला तक्रार बेळगावात करता येते, आणि दिलेला मोबदला पाच लाखांपर्यंत असेल, तर शुल्कही लागत नाही. तक्रारीपूर्वी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर विचारणा करता येते.

आचाऱ्याशी वेगळी चिठ्ठी झाली. त्यात अन्न सुरक्षा प्राधिकरणाचा (एफएसएसएआय) नोंदणी क्रमांक, किमान ६५० ताटांची हमी, ताटे मोजण्याची पद्धत आणि ७०० च्या वर पन्नासपर्यंतची जादा ताटे त्याच दराने, एवढे होते. ताटे कोणी मोजायची यावरून दरवर्षी कितीतरी लग्नांत हमरीतुमरी होते. इथे धुवायला जाणारी ताटे दोन्ही बाजूंच्या एकेका माणसाने मिळून मोजायची, असे ठरले. हळदीच्या रात्री ध्वनिक्षेपक दहाला बंद होईल, हे बँडवाल्याच्या चिठ्ठीत होते. रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ध्वनिक्षेपकावर बंदी घालणारा नियम २००० सालापासून आहे. त्याकडे दुर्लक्ष करून इव्हेंट कंपनीने मध्यरात्रीपर्यंत डीजे देण्याचे आश्वासन दिले होते.

प्रत्यक्ष लग्न

गडहिंग्लजहून वऱ्हाडाच्या दोन बसगाड्या संकेश्वरमार्गे येणार होत्या. महाराष्ट्रात नोंदणी असलेल्या खासगी बसला कर्नाटकात येण्यासाठी परवाना लागतो. तो बसमालकाने काढला आहे ना, हे बाईंनी चार दिवस आधी वराच्या काकांना फोन करून विचारले. एका गाडीचा निघालेला नव्हता आणि तो मग काढला गेला. हा एक फोन त्यांच्या फीतला मोठा वाटा वसूल करून गेला, असे मी मानतो. गाड्या सकाळी दहाला पोहोचल्या. त्या वेळी बाई आचाऱ्याकडे नाश्त्याच्या घोळात अडकल्या होत्या. वऱ्हाड उतरवून घेण्याच्या जागी स्वागताला कोणीच नव्हते आणि वराच्या आत्या दहा मिनिटे ताटकळल्या. एका माणसाला दोन ठिकाणी उभे राहता येत नाही, ही या पर्यायाची मर्यादा तिथे उघड झाली. खानापूरच्या मामांनी पुढे होऊन सांभाळून घेतले, तरी मानपानाचा तो विषय पुढे संध्याकाळपर्यंत निघत राहिला.

अक्षता वेळेवर पडल्या. पंगत सुरू असताना वीस मिनिटे वीज गेली, जनरेटर लागला, आणि त्यातील डिझेलचे ३,५०० रुपये कोणी द्यायचे यावर कार्यालयाने हात वर केले. कोणत्याही चिठ्ठीत डिझेलचा उल्लेख नव्हता, म्हणून ते कुटुंबाने दिले. जेवणाची ताटे ७४० भरली आणि ठरल्या दराने ९,२०० रुपये जादा लागले. मोजणीवरून वाद झाला नाही. शेवटच्या पंगतीला कुंदा संपला होता आणि त्याऐवजी जिलेबी वाढली गेली, एवढेच. खोल्यांवर ६,००० रुपये जादा गेले.

खरा त्रास फोटोग्राफरचा झाला. ज्याच्या कामाचे नमुने पाहून ठरवले होते, तो स्वतः आलाच नाही. त्याने दुसऱ्या मुलाला पाठवले. चिठ्ठीत दुकानाचे नाव होते, माणसाचे नव्हते. बाईंनी मध्ये पडून १०,००० रुपये कमी करून घेतले आणि स्वतःचे पाच हजार या रकमेत धरले नाहीत, तर वेगळे परत दिले. ते पैसे आईने हिशेबात न घेता त्यांच्या मुलीच्या हातावर ठेवले. अंतिम खर्च ६,७९,७०० रुपये झाला.

अशा पद्धतीचा नियोजक कोणाला परवडेल, याचे उत्तर या आकड्यात पूर्णपणे नाही. आईने जवळजवळ दोन महिने रोज संध्याकाळी फोन आणि हिशेब केले, त्या वेळेची किंमत त्यात धरलेली नाही. घरात असे माणूस नसेल, आई-वडील दोघेही नोकरीत किंवा परगावी असतील, तर टक्केवारीवर किंवा पॅकेजवर काम करणारी मोठी संस्था महाग असूनही योग्य ठरेल. मात्र तिची टक्केवारी खर्चाच्या कमाल मर्यादेला बांधून घ्यावी आणि पॅकेजमध्ये ताटांची खरी संख्या टाकूनच बेरीज मागावी. ७०० माणसांच्या लग्नाला एकाच समन्वयकावर अवलंबून राहण्यापेक्षा केवळ लग्नाच्या दिवसापुरता दुसरा माणूस पाच-सहा हजारांत घेणे अधिक शहाणपणाचे झाले असते, आणि राखीव ठेवलेल्या रकमेत ते सहज बसत होते.

शेवटचा १५,००० रुपयांचा हप्ता हिशेब जुळल्यावर देण्यात आला. अल्बम अजून आलेला नाही. मूळ चित्रीकरणाची फाइल कोणाच्या मालकीची हे चिठ्ठीत लिहिलेले नसल्यामुळे फोटोग्राफर तिचे वेगळे पैसे मागतो आहे, आणि त्याच्या एकूण बिलातील २०,००० रुपये कुटुंबाने तूर्त अडवून ठेवले आहेत.